आठ मिनिटांचा वसंत

आठ मिनिटांच्या वसंतानं आमचं अख्खं वर्ष खाल्लं. कार्टून फिल्म म्हणजे सेकंदाला बारा चित्रं, तीही हातानं. पाखरू आलं, पान हललं, कळी उमलली. बघणारे 'वा' म्हणून मोकळे, इथं कंबरेचा काटा ढिला.

मुख्य चित्रं माझे सासरे काढत, त्या चित्रांच्या मधली मी. चाळीस वर्षं या स्टुडिओत त्यांच्या रेषेला तोड नव्हती. आता हात कापत होता. कापरी रेष पडद्यावर अळीसारखी वळवळते. मालकांच्या ते लक्षात आलं असतं, तर बाबा दुसऱ्या दिवशी घरी बसले असते, आणि घरी बसून ते फार दिवस काढणार नाहीत, याची मला धास्ती होती. म्हणून त्यांचं प्रत्येक चित्र मी दिव्याच्या काचेवर ठेवून नव्या कागदावर गिरवायची आणि तेच पुढं पाठवायची. झाकली मूठ सव्वा लाखाची.

मंगळवारी माझ्या अंगात ताप होता. शेवटच्या फुलाचा गठ्ठा कॅमेऱ्याकडे गेला तो त्यांचा. मी गिरवलेला टेबलावरच राहिला.

शुक्रवारी सगळ्यांनी फिल्म पाहिली. सात मिनिटं कशी लोण्यासारखी गेली. मग ते फूल आलं आणि उमलता उमलता थरथरू लागलं.

"हे कुणी काढलं?" मालकांनी विचारलं.

"मी," मी म्हणाले. "तापात काढलं."

"पुन्हा काढा."

जेवणाच्या सुट्टीत बाबा माझ्या टेबलाशी आले.

"ते फूल माझं आहे, सूनबाई. बाकीचं कधीपासून गिरवतेस?"

"पाखरांपासून."

पाखरं पहिल्याच मिनिटात येतात.

"म्हणजे एवढं एकच माझं," ते म्हणाले. "आणि तेही नापास."

"बाबा, चित्रं तुमचीच आहेत. मी नुसती..."

"दमली असशील गं."

वर्षभरात हे मला कुणीच म्हटलं नव्हतं. मला रडूच फुटलं. त्यांनी फुलाचं पहिलं चित्र काचेवर ठेवलं, दिवा लावला, वर कोरा कागद पसरला. पेन्सिल उचलली, जरा वेळ हातात धरली आणि माझ्यापुढं केली.

"घे. मी कागद धरतो."

मी गिरवू लागले. त्यांच्या हातांखाली कागद थोडा थोडा हलत होता. धरू नका, असं मी म्हणाले नाही.