पऱ्हाटीचा चिमटा

“बाई, तिले सांगा, पाटीवर पाय दे अन् मंग दांडा मांगं ओढ,” वावराच्या धुऱ्यावर, म्हणजे बांधावर बसलेले अब्दुल गफ्फार मला म्हणाले.

मी काय डोंबल सांगणार. मी जठारपेठेत हार-फुलं विकणारी माणिकबाई, मला कुठली तिची भाषा येते? नीमा आफ्रिकेतल्या टांझानियाची. तिकडेही कापूस होतो म्हणे, आणि ही तिथल्या पोरींना लोखंडकाम शिकवते. अकोल्याला ट्रेनिंगसाठी आली होती. सोबत ट्रेनिंगवाल्या करिश्मा मॅडम होत्या, त्यांनीच गफ्फारभाईंचं म्हणणं तिला सांगितलं. नीमानं लोखंडी पाटीवर पाय दिला, चिमट्याचा जबडा पऱ्हाटीच्या बुडाशी अडकवला आणि दांडा ओढला. कापूस वेचून झालेलं ते वाळकं झाड मुळासकट बाहेर आलं.

गफ्फारभाईंचा श्वास मोकळा झाला, तो मला शेजारी बसून ऐकू आला. त्यांना नीट दिसत नव्हतं. वेल्डिंगच्या उजेडानं डोळे पार खाऊन टाकले होते. डॉक्टरनं बजावलं होतं, आता ठिणगीसमोर बसाल तर आहे तेवढंही जाईल. पोरगा इमरान पुण्यात मोबाइलच्या दुकानात. हा चिमटा बनवणारं अकोल्यात दुसरं कोणी नव्हतं. नीमानं तो पसंत केला तर तिकडे तरी बनेल, नाही तर गफ्फारभाईंच्या डोळ्यांबरोबर तोही गेला. सकाळीच तिला ट्रॅक्टरमागे लावायचं मोठं यंत्र दाखवलं होतं. त्याच्यापुढे आमचा हातभर जबडा काय टिकणार?

माझा काय संबंध, असं कोणी विचारेल. अहो, संबंध आहे. वावर माझ्या भावाचं, नांदगाव खंडेश्वरच्या उत्तमरावचं. माझं दुकान गफ्फारभाईंच्या वर्कशॉपला लागून. आणि त्यांच्या पहिल्या चिमट्याची अब्रू मीच काढली होती.

तो पहिला चिमटा त्यांनी कुठल्याशा कंपनीचा पाहून बनवला. भरीव सळईचा, दणकट. माणसं यायची, दांडा हलवून पाहायची आणि म्हणायची, “जबरदस्त हाय, भाई.” आणि हे फुलून जायचे. एक दिवस मी माहेराहून आले आणि तोंडावर सांगितलं, “भाई, तुमच्या चिमट्यानं लय काम केलं. वयनीनं तो जमिनीत ठोकला अन् त्याले म्हैस बांधली.”

“काहून?” ते चिडले होते. “मजबूत नाई का?”

“मजबूत हाय. म्हैस सुटली नाई अजून.”

मग त्यांना समजावून सांगावं लागलं. आमच्याकडे पऱ्हाटी उपटायला मजुरी नसते. बाया उपटतात आणि मजुरीच्या बदल्यात पऱ्हाटीच चुलीला नेतात. डोक्यावर सरपणाचा भारा आणि हातात हे धूड घेऊन कोण दोन कोस चालणार? त्यापेक्षा हातानं उपटलेलं बरं, सोललेल्या तळहाताला तेल लावता येतं.

“मले कोनी बोललं नाई,” ते म्हणाले.

“तुमी बायाले इचारलं कवा?”

दुसऱ्याच्या घरच्या बाईला ‘उचलून दाखवा’ म्हणणं त्यांच्या स्वभावात नव्हतं आणि ‘भाई, तुमची वस्तू जड आहे’ म्हणणं आमच्या बायांच्या. शेवटी त्यांची बायको, अनीसाभाभी, माझ्याबरोबर वावरात आली आणि दिवसभर आमच्यातच हातानं पऱ्हाटी उपटली. रात्री तिनं भाकरी थापली नाही, नुसते तळहात नवऱ्यापुढे धरले. तिथून पुढे सळई गेली, पोकळ पाइप आला, पाय द्यायला पाटी आली. अनीसाभाभी डोक्यावर गाठोडं आणि खांद्याला चिमटा घेऊन वर्कशॉपमध्ये चालून दाखवायची. ती थकली नाही, तेव्हा चिमटा झाला.

इकडे नीमानं ओळीनं झाडं उपटली. मग कोणी सांगितलं नसताना माझ्या वहिनीचा, दुर्गाबाईचा, भारा डोक्यावर चढवला, चिमटा खांद्याला अडकवला आणि वावराच्या त्या टोकापर्यंत जाऊन परत आली.

“काय करून राहिली?” गफ्फारभाईंनी विचारलं.

“भारा घेऊन चालून राहिली, भाई.”

त्यांनी रुमालानं उगाच डोळे पुसले.

चिमटा पसंत पडला. पण तो तिच्या बॅगेत मावेना. करिश्मा मॅडम म्हणाल्या, “नकाशा पाठवते.” नीमा म्हणाली, नकाशा दुसऱ्याच्या हाती पडेल, मला माझ्या हातानं बनवता येऊ द्या.

दुसऱ्या दिवशी वर्कशॉपमध्ये गफ्फारभाईंनी शिल्लक राहिलेला एकुलता चिमटा पकडीत धरला आणि आरीनं कापला. जोड अन् जोड सुटा केला. माझ्या जिवावर आलं. मी म्हटलं, “भाई, हा तरी ठेवाचा.”

“ठेवून काय पूजा करू?” ते म्हणाले. “जोडून पायल्याबिगर समजत नाई, बाई.”

नीमानं त्यांचा मुखवटा चढवला आणि वेल्डिंग करायला बसली. ते तिच्याकडे पाठ करून स्टुलावर बसले, नुसता आवाज ऐकत. मधेच ते स्टुलावर थाप मारत, ती थांबे, मग म्हणत, “जल्दी मत कर, बेटी.” मॅडमनी सांगायच्या आधीच तिला कळे. काम झालं, लोखंड निवलं, मग त्यांनी प्रत्येक जोडावरून बोट फिरवलं. पाटीपाशी बोट थांबलं. मला वाटलं, चुकली.

“हा जोड माह्यापेक्षा साफ हाय,” ते म्हणाले. दिवसभर येणाऱ्या-जाणाऱ्याला तेच सांगत होते. मला तर चारदा सांगितलं. बॅगेत भरायला तिनं चिमटा पुन्हा कापला, तेव्हाही ते हसत होते.

पुढल्या वर्षी करिश्मा मॅडम नीमानं पाठवलेला फोटो घेऊन आल्या. गफ्फारभाईंनी तो उजेडात धरला, उलटसुलट केला आणि माझ्याकडे दिला.

“काय हाय त्याच्यात?”

“पोरी हायेत, भाई. वावरात उभ्या. समद्याईच्या खांद्यावर चिमटे. एकीनं तं निळा रंग देला.”

“पाटी हाय?”

“हाय.”

त्याच आठवड्यात धामणगाव रेल्वे या गावाहून एक बाई विचारत आली. तिच्या जावेकडे चिमटा होता, तसाच हिलाही पाहिजे होता. गफ्फारभाई दारात विळ्यांना धार लावत बसले होते, आता तेवढंच काम उरलं होतं. त्यांनी विळा खाली ठेवला. चांगल्या घरी दिलेल्या लेकीबद्दल बाप ज्या आवाजात बोलतो, त्या आवाजात ते म्हणाले, “अथी बंद झालं, बाई. आता थो टांझानियात भेटते.”