घटकाभर

"आई, तुझं खरं वय किती?"

पैज लागली होती. पालकसभेत बाईंनी टिटवीच्या आईला "आजी, तुम्ही इथे पंख्याखाली बसा" म्हटलं आणि तेव्हापासून मैत्रिणींच्या पोटात तो प्रश्न गुडगुडत होता. "हिंमत असेल तर विचारून दाखव," लंबू म्हणाली होती, "नाहीतर आठवडाभर आमची दप्तरं तुझ्या खांद्यावर." टिटवीला टिटवी काही उगाच म्हणत नसत. मनात आलं की ओठावर आलंच! तिने आईला चपलाही काढू दिल्या नाहीत.

आई भिंतीला टेकली. "कागदावर एक्केचाळीस."

"आणि खरं?"

"बावन्नाला मोजायचं सोडलं. आधी पाणी दे गं बाई."

पाणी देताना टिटवीचं लक्ष आईच्या मनगटाकडे गेलं. तिथे लाल वळ होता. तो नेहमीच असायचा, पण आज तो तिला पहिल्यांदाच दिसला.

आई थांबा-कचेरीत दांडा धरायची. दांडा खाली ओढला की अख्खं शहर जिथल्या तिथे थांबायचं. नळाची धार हवेत, शिंक नाकात! चालत राहायची ती फक्त शिक्का मिळालेली कामाची माणसं आणि ज्याचा हात दांड्याला लागलेला असेल तो. डॉक्टरांनी अवघड ऑपरेशन उरकावं, गवंड्यांनी पडका पूल उभारावा आणि बाहेर कुणाचा एक क्षणही जाऊ नये, अशी ती जादू. पूर्वी नदीच्या दोन्ही बाजू हा दांडा मनाला येईल तेव्हा ओढायच्या. एकीकडे सकाळ तर दुसरीकडे संध्याकाळ, नुसता सावळागोंधळ! शेवटी तह झाला, दांडा दोघांचा ठरला.

दांडा दोघांचा, पण धरणारी एकटी आई. गवंडी पाळीपाळीने यायचे, घरी जाऊन झोपायचे. आई ओढणीने मनगट दांड्याला बांधून तिथेच चटईवर झोपायची. पुलाच्या वेळी दोन वर्षं. सकाळी चहा अर्धा टाकून गेली आणि परत येऊन उरलेला प्यायली. चहा गरम होता, आईचे केस मात्र पांढरे झाले होते. टिटवी तेव्हा लहान होती, तिला वाटलं आईने पावडर लावलीय.

"पण तुझ्यानंतर दुसरं कुणीच का नाही धरत?"

"त्या तहाला विचार," आई डोळे मिटूनच म्हणाली.

बाबा घड्याळं दुरुस्त करत. डोळ्याला भिंग लावून ते एका काट्याशी झटापट करत होते. त्यांचे केस काळेभोर. परवा औषधवाल्याने त्यांना विचारलं होतं, "आईंच्या गुडघ्यांना फरक पडला का?" घरी येऊन त्यांनी ते हसत सांगितलं आणि मग आधीच दुरुस्त झालेलं एक घड्याळ पुन्हा उघडलं. आता त्यांनी खण उघडून तहाची प्रत पुढे केली. आईच्या नेमणुकीच्या वेळी मिळालेली, घडीवर फाटलेली.

टिटवीने कलम सात मोठ्याने वाचलं. "दांडा घटकाभर धरावा व पुढे सोपवावा. ज्यास घड्याळ वाचता येते, असा दोन्ही बाजूंचा कोणताही रहिवासी यास पात्र आहे."

"घटकाभर म्हणजे थोडा वेळ," आई म्हणाली. "आणि थोडा म्हणजे किती, हे त्या लोकांचं चौदा वर्षांत ठरलेलं नाही. दर बैठकीत चहा पितात, भांडतात, उठतात. ठरेपर्यंत मी आहेच."

"अगं आई, घटका म्हणजे चोवीस मिनिटं!" टिटवी किंचाळलीच. "दिवसाच्या साठ घटका. पाचवीत शिकवलंय आम्हाला!"

बाबांचं भिंग डोळ्यावरून गळून टेबलावर पडलं.

आई हसली नाही, रडलीही नाही. तिने मनगट चोळलं. "घटकाभर थांब, येतेच, असं मीच तुला रोज सांगून जाते," ती हळूच म्हणाली. "माझ्याही डोक्यात नाही आलं. आणि आलं असतं, तरी पुढे सोपवणार कुणाला? येतंय कोण?"

ती बसल्या जागी झोपली. तिच्या हातातला पेला बाबांनी अलगद काढून घेतला.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत टिटवीने मैत्रिणींना उत्तर सांगितलं. "बावन्नच्या पुढे." कुणी हसलं नाही. लंबूने न सांगता टिटवीचं दप्तर उचललं. मग टिटवीने तहाची प्रत बाकावर पसरली आणि वहीचं एक कोरं पान फाडलं.

संध्याकाळी ते पान तिने आईबाबांसमोर ठेवलं. बावीस मुलींची नावं होती, त्यातली नऊ नदीपलीकडून शाळेला येणाऱ्यांची. एका नावावर डब्यातल्या लोणच्याचा डाग.

"हे काय?" बाबांनी विचारलं.

"पाळ्या. सोमवारी दवाखान्यासाठी दांडा ओढायचाय ना? आठ तासांचं काम, म्हणजे वीस घटका. दोघी राखीव."

"वेडी आहेस का?" आई ताठ बसली. "तुमचं वय जायचं त्यात! लोकांच्या पोरी आहेत त्या."

"चोवीस मिनिटं, आई! गणिताच्या तासाला आम्ही त्याहून जास्त म्हाताऱ्या होतो."

बाबांना हसू फुटलं आणि लगेच आवरलं. आईचा हात पुन्हा मनगटाकडे गेला. या वेळी टिटवीने तो धरून ठेवला.

"घड्याळ मला पहिलीपासून वाचता येतं," ती म्हणाली. "माझं ठरलंय. पहिली घटका माझी. बाबा, तुम्ही मला एक चालू घड्याळ द्या. आणि आई, सोमवारी तू घरी झोपायचं."