ज्या शनिवारी चादरी पोचल्या नाहीत

कोपऱ्यावरच्या लाँड्रीच्या मालकिणीला सगळी गल्ली कडकताई म्हणायची. नाव कपड्यांना घालायच्या खळीवरून पडलं की स्वभावावरून, हे विचारायची कुणाची छाती नव्हती. दुकानाचा गाळा सासऱ्यांनी विकत घेतलेला, त्यामुळे तिला कुणी उठ म्हणू शकत नव्हतं. नवरा गेल्यावर धंदा तिने आणि तिच्या जावेने चालवला. जाऊ वयाने लहान, पण तोंडाने बरीच मोठी.

गल्ली बदलायला लागली ती आधी कानांना कळली. दगडी रस्त्यावर चाकांच्या बॅगा खडखडायला लागल्या. वर राहणारा शिंपी गेला, समोरची शिकवणीवाली गेली, आणि त्यांच्या घरांत चार दिवसांचे पाहुणे यायला लागले. कुठल्या कुठल्या देशांतून यायचे, बाल्कनीत उभं राहून फोटो काढायचे आणि निघून जायचे. घरं एका कंपनीने घेतली होती. कंपनीचे मालक कोण, हे गल्लीत कुणालाच सांगता येत नव्हतं. आधीचा घरमालक तेवढा खुशीत दिसला, मग तोही दिसेनासा झाला.

शर्ट-पँटी कमी झाल्या, कारण शर्ट-पँटी घालणारी माणसंच कमी झाली. त्यांच्या जागी चादरी आल्या. पांढऱ्याशुभ्र चादरी, अभ्रे, टॉवेल, ढिगाने. कडकताईने मोठं मशीन घेतलं, दोन बायका कामाला ठेवल्या. जाऊ म्हणायची, "आधी लोकांचे कपडे धुवून त्यांच्या घरात काय चाललंय ते कळायचं. आता सगळ्या चादरी सारख्याच. धंदा वाढला आणि बातम्या आटल्या."

कडकताईला हे हसण्यावारी न्यायला जड जात नव्हतं. धंदा चांगला चालला होता आणि तिला चांगला चाललेला धंदा आवडायचा.

तिची मुलगी परदेशात, एका मोठ्या शहरात हॉस्पिटलच्या प्रयोगशाळेत कामाला होती. रविवारी फोन यायचा. एका रविवारी मुलीचा आवाज उतरलेला होता.

"पुन्हा घर बदलतेय, आई. मालकाने इमारत विकली. नवे लोक म्हणे पाहुण्यांना भाड्याने देणार."

"पाहुण्यांना म्हणजे?"

"चार-चार दिवसांचे. टुरिस्ट."

कडकताईने वर पाहिलं. समोर धुतलेल्या चादरींची थप्पी तिच्या खांद्याइतकी उंच होती.

त्याच आठवड्यात कंपनीचा मॅनेजर दुकानात आला. एरवी तो फोनवरच असायचा, दोन समुद्रांपलीकडून. मूळ याच शहरातला, बोलायला गोड, तिशीतला. स्टुलावर बसला, चहा घेतला आणि सरळ मुद्द्यावर आला. टेकडीकडच्या आणखी तीन इमारती कंपनी घेत होती. सगळ्यांच्या चादरी कडकताईकडेच द्यायच्या, असं त्याच्या मनात होतं.

"फक्त एक छोटीशी मदत हवी, ताई. इथेच वर, तिसऱ्या मजल्यावरचे ड्रायव्हरकाका, जुने भाडेकरू. आम्ही त्यांना दुसरीकडे चांगलं घर देतोय, नवं कोरं, लिफ्टचं. पण ते ऐकत नाहीत. तुमचा शब्द ते मोडणार नाहीत."

"बघते," ती म्हणाली. तेव्हा तिच्या मनात खरोखरच तसं होतं. टेकडीकडचं काम मिळालं तर शेजारचा गाळा घेता आला असता.

ड्रायव्हरकाकांनी उभी हयात शहराची बस चालवली होती. निवृत्त होऊन कितीतरी वर्षं झाली, तरी पहाटे उठून दाढी करून तयार बसायचे, जणू डेपोतून बोलावणं येणार आहे. काकूंना डोळ्यांनी जवळजवळ दिसत नव्हतं. उजेड-अंधार तेवढा कळायचा.

कडकताई वर गेली तेव्हा काकूंनीच दार उघडलं. "ये गं. खळीचा वास आला तेव्हाच ओळखलं." त्या स्वयंपाकघरात गेल्या, डबा न चाचपडता काढला, चहा टाकला. कप भरताना बोट काठाशी धरलं आणि थेंब न सांडता दोन कप भरले. कडकताईने आणलेला विषय मांडला. आडपडदा ठेवला नाही, गोडही केलं नाही. नवं घर, लिफ्ट, ऊन येणाऱ्या खिडक्या.

काका खो खो हसले. "तुलाच पाठवलं का शेवटी? हुशार आहे पोरगा."

काकू मात्र हसल्या नाहीत. "घर चांगलंच असेल गं," त्या म्हणाल्या. "पण मला इथे पायऱ्या पायांना पाठ आहेत. कठडा कुठे हलतो ते हाताला माहीत आहे. खाली उतरले की बेकरीचा वास डावीकडे, तुझं मशीन उजवीकडे. मी एकटी जाते, भाजी आणते, परत येते. इथे मी आंधळी नाही. तिकडे गेले की त्या दिवसापासून होईन."

कडकताईने चहा संपवला. मग म्हणाली, "काकू, मी आले होते हे विसरून जा."

"चहाला आली होतीस," काकू म्हणाल्या.

तिने मॅनेजरला फोन करून सांगितलं की काका हलणार नाहीत आणि ती त्यांना पुन्हा विचारणार नाही. तो रागावला नाही. फक्त पुढच्या सोमवारी तिसऱ्या मजल्यावरचं पाणी दुरुस्तीसाठी बंद झालं. दुरुस्ती करायला कुणी आलं नाही. मग जिन्यातले दिवे गेले. काकूंना त्याचं काही नव्हतं, पण काका दोनदा पायरी चुकले आणि दुसऱ्यांदा मनगट मुरगळून घेतलं.

काकांच्या हाताला पट्टी बांधून जाऊ खाली आली ती तणतणतच. "ही माणसं आपल्याच चादरींवर झोपतात ना? मग?"

"मग काय?"

"चादरीच नसल्या तर कशावर झोपतील?"

कडकताईने इस्त्री बाजूला ठेवली. हे तिला स्वतःला सुचायला हवं होतं, असं तिला वाटलं, आणि जावेला ते तिने बोलून दाखवलं नाही.

पण चादरी आपण नाही घेतल्या तर दुसरा घेईल, हे उघड होतं. एवढं काम उचलू शकतील अशा आणखी तीनच लाँड्र्या शहरात उरल्या होत्या. ती तिघांकडेही गेली. दोन ठिकाणी अर्ध्या तासात काम झालं. तिसरा तिचा जुना वैरी होता, नदीपलीकडचा, ज्याने एकेकाळी तिची गिऱ्हाइकं फोडली होती. तो तिला पाहून चकित झाला.

"भांडायला आलीस?"

"आज नाही. आज तुझ्याशी काम आहे."

सगळं ऐकून त्याने टॉवेलची घडी घालता घालता विचारलं, "माझा भाऊ कुठे राहतो माहितीये? शहराबाहेर. पार शेवटच्या स्टॉपच्या पुढे. त्याच्या जुन्या घरी आता कुणीतरी परदेशी बाई योगासनं करते म्हणे." घडी थप्पीवर ठेवून तो म्हणाला, "ज्या इमारतीत भाडेकरूला छळतील, तिथल्या चादरी मी हातात धरणार नाही. तुझ्यासाठी नाही हं, भावासाठी."

शनिवारी सकाळी पाहुणे बदलायचे. त्या शनिवारी कडकताईने मशीन चालूच केलं नाही. मळक्या चादरींची गाठोडी जिन्याखाली तशीच पडून राहिली. नवे पाहुणे बॅगा घेऊन आले, वर गेले, खाली आले आणि रस्त्यात उभे राहून फोनवर बोलायला लागले. जावेने त्यांच्यासाठी खुर्च्या बाहेर काढल्या आणि पाणी दिलं. पाहुण्यांशी तिचं काही वैर नव्हतं.

मॅनेजरचा फोन लगेच आला. आधी आवाज चढला, मग उतरला. त्याने इतर तिघांना विचारून पाहिलं होतं. शहराबाहेरच्या एका मोठ्या कारखान्यातून चादरी मागवल्या, त्या रविवारी आल्या, त्याही ओलसर. पाहुण्यांनी इंटरनेटवर जे लिहायचं ते लिहिलं. पुढच्या शनिवारीही तेच झालं, आणि या वेळी बाकीच्या तिघांनीही हात आखडल्यामुळे त्याच्या पाच इमारतींत. तेव्हा तो विमानात बसून स्वतः आला.

पुन्हा त्याच स्टुलावर. या वेळी त्याची झोप झालेली दिसत नव्हती.

"ताई, हे मी ठरवत नाही. पैसे गुंतवणारे ठरवतात."

"ते कुठे राहतात?"

"वेगवेगळ्या देशांत. बरेच जण तर साधे नोकरदार आहेत, म्हातारपणासाठी पैसे ठेवणारे. त्यांना या गल्लीचं नावही माहीत नाही."

"मग तू सांग त्यांना. तुला माहीत आहे ना." नकळत ती अहो-जाहोवरून अरे-तुरेवर आली होती, आणि त्यालाही ते खटकलं नाही. "काका-काकू हयात असेपर्यंत तिसऱ्या मजल्यावर राहतील, आहे त्याच भाड्यात. पाणी आज, दिवे आज. आणि दुसऱ्या मजल्यावरची एक जागा माझ्या लाँड्रीतल्या एका कामवालीला रीतसर भाड्याने. रोज दोन बस बदलून येते ती."

"शेवटचं जमणार नाही."

"मग आपण चहा पिऊ."

तो चहा प्यायला, बाहेर जाऊन बराच वेळ फोनवर बोलला, परत आला, पुन्हा बाहेर गेला. संध्याकाळपर्यंत काका-काकूंचं नक्की झालं. दुसऱ्या मजल्याचं दोन वर्षांपुरतं झालं, पुढचं पुढे बघू. टेकडीकडचं काम मात्र कंपनीने दुसऱ्याला दिलं. शेजारचा गाळा काही कडकताईचा झाला नाही. तिला त्याची हळहळ वाटली, दोन-तीन दिवस.

रविवारी तिने मुलीला सगळं सांगितलं. मुलगी बराच वेळ हसत होती. मग म्हणाली, "आमच्या इमारतीत कपडे तळघरातल्या मशीनवर धुतात गं. अडवायचं कुणाला?"

"कचरा कोण नेतं? चाव्या कोण देतं?" कडकताई म्हणाली. "शोध. कुणीतरी असतंच. आणि आधी शेजाऱ्यांशी ओळख कर."

कामवाली दोन मुलांसह राहायला आली. दुपारभर जिन्यात धावपळ चालायची. काकूंनी पोरांना एकच नियम सांगितला, पायरीवर दप्तर टाकायचं नाही.

महिन्याभरात पलीकडच्या गल्लीतली केशकर्तनवाली दुकानात आली. दाराशीच घुटमळली. तिच्या इमारतीतल्या सगळ्यांना घरं सोडायला सांगितलं होतं.

कडकताईने मशीन बंद केलं आणि जावेला चहा टाकायला सांगितला.

"आत या, बसा," ती म्हणाली. "तुमच्याकडच्या चादरी कुणाकडे जातात, आधी ते सांगा."