जबड्यामागचं हाडूक

उडालं! पापणी लवते न लवते तोच सुईखालचं हाडूक गायब. बारीकबाईंनी सुई अलगद खाली ठेवली.

संग्रहालयाच्या तळघरात बावीस वर्षं त्या सूक्ष्मदर्शकाखाली दगड खरवडून हाडं मोकळी करत होत्या, म्हणून हे नाव. आजचा जबडा नखाएवढा, आपल्या सस्तन कुळातल्या फार जुन्या पूर्वजाचा. त्यामागे खसखशीएवढं एक हाडूक. पुढच्या लाखो पिढ्यांत तेच सरकत सरकत कानात गेलं, आपण त्याच्या जोरावर ऐकतो. इथे मात्र ते अजून जबड्यालाच होतं, म्हणजे जनावर अर्ध्या वाटेवर सापडलेलं! बारा वाजता विभागप्रमुख मोठ्या बाई तेच बघायला येणार होत्या. साडेअकरा तर वाजलेच होते.

हाड उडालं की हलायचं नाही, आधी स्वतःचे कपडे बघायचे, हा या खोलीचा नियम. त्यांनी बघितले. ओटी, बाह्या, तीन-तीनदा. मग टेबल. मग गुडघ्यांवर बसून फरशी. छे! खणात दगडाच्या कण्यांची डबी होती. रंग तोच, आकार तोच. गोंदाचा एक थेंब, आणि कोणाच्या बापाला कळलं असतं? हात खणापर्यंत गेलासुद्धा.

"मेलं, या वयात हे थेर नकोत," म्हणत त्यांनी तो मागे घेतला.

बाराला मोठ्या बाई आल्या, मागून ठोक्या. तो मोठे खडक यंत्राने फोडायचा आणि त्यातच कान घालवून बसला होता. "ते हाडूक माझ्यापर्यंत पोचलंच नाही," असं स्वतःच म्हणायचा.

"बाई, हाडूक माझ्या हातून उडालं. सापडत नाही."

ठोक्या वाकला. "अहो, हे काय! बाहीवर बसलंय की!"

पांढऱ्या बाहीवर काळा कण, लख्ख. मोठ्या बाईंनी ओल्या कुंचल्याने तो अलगद उचलला. "जीव भांड्यात पडला गं बाई!" त्या हसल्या.

बारीकबाई हसल्या नाहीत. ती बाही त्यांनी तीनदा बघितली होती. नीट दिसत नाही म्हणून सहा महिने त्या सूक्ष्मदर्शकाच्या दिव्याला दोष देत होत्या, तो दोनदा बदलूनही घेतला होता.

"दिवा चांगला आहे, बाई," त्या हळूच म्हणाल्या. "माझे डोळेच गेलेत. ही खुर्ची दुसऱ्या कोणालातरी द्या."

मोठ्या बाईंचं हसू थांबलं.

"काय म्हणाल्या?" ठोक्याने कानाशी हात नेत विचारलं.

मग त्यांना ते पुन्हा म्हणावं लागलं, मोठ्याने.