सूप कुणाचं

अनघानं शिजलेल्या बीफचा तुकडा ताटात आपटला आणि बोटांनी त्याचे धागे सोडवायला घेतले. कोरियन सूपात मांस सुरीनं कापत नाहीत, हातानंच सोडवतात, असं ती पुन्हा एकदा म्हणाली. विचारलं होतं कुणी?

बेबीताई सिंगापुरातल्या यिशुन भागातल्या फ्लॅटच्या त्या एवढ्याशा किचनच्या दारात उभ्या होत्या. मुलाकडे आल्यापासून सुनेशी त्यांचं एक दिवस धड पटलं नव्हतं.

"खिडकी लाव. वास बाहेर जातोय."

"जाऊ दे की, मम्मी. हे सिंगापूर आहे. कुणाच्या पातेल्यात काय शिजतंय, कोण विचारतंय इथे?"

"तुला कुठंच कुणी विचारलं नसतं."

अनघानं मान वर केली. "म्हणजे?"

"काही नाही."

पुष्कळ काही होतं. भीमनगर सोडून कॉलनीत राहायला गेल्यावर शेजारणी खिडकीशी येऊन कशी नाकं मुरडायच्या, ते या कोथरूडच्या पोरीला काय कळणार, कप्पाळ? शाळेत प्रफुल्लच्या डब्यात डोकावून कुणी काही बोलू नये, म्हणून बेबीताईंनी मोठ्याचं मटण, म्हणजे हेच बीफ, घरात आणणंच बंद केलं होतं. पुढे स्वतःही कधी तोंडाला लावलं नाही. त्या हे खात नाहीत, एवढं अनघाला चांगलं ठाऊक होतं. आजही त्यांच्यासाठी वेगळा वरणभात लावला होता.

पाया लेबार भागातल्या कोरियन दुकानातलं लालभडक तिखट तेलात पडलं. प्रफुल्ल शिंकत आत आला, पातेल्यात डोकावून "भारी!" म्हणाला. बेबीताईंना त्याचाही राग आला.

तेवढ्यात पुण्याहून अनघाच्या आईचा, विनीताताईंचा व्हिडिओ कॉल आला. अनघाचे हात बरबटलेले, म्हणून फोन प्रफुल्लनं धरला. ओट्यावर बीफचं रिकामं पाकीट तसंच पडलं होतं, वर ठळक अक्षरांत नाव.

"अगं, हे काय आणलंयस घरात?"

अनघाचा चेहरा खर्रकन उतरला. "ते... ते मम्मींचं आहे."

प्रफुल्लनं घाईनं फोन पाकिटावरून दुसरीकडे वळवला.

"हां, त्यांचं होय!" विनीताताईंचा आवाज एकदम निवळला. "त्यांच्यात चालतं गं. त्यांना काही बोलू नकोस. तू फक्त भांडी वेगळी ठेव."

इकडचं तिकडचं बोलून फोन बंद झाला.

"सॉरी, मम्मी. तिला बीपी आहे. खरं सांगितलं असतं तर..."

बेबीताईंनी तिच्याकडे बघितलंच नाही. "आणि तू रे? माझी आई हे खात नाही, एवढंसुद्धा तुला बोलता आलं नाही?"

"जाऊ दे ना, मम्मी," प्रफुल्ल पुटपुटला. "फोनवर कुठे वाद घालायचा?"

बेबीताईंच्या अंगाचा तिळपापड झाला. त्यांनी कपाटातून एक बाऊल काढला आणि ओट्यावर आदळला.

"वाढ."

"पण तुम्ही तर..."

"नाव माझंच झालंय ना? मग खाते मी. वाढ म्हणते ना!"

अनघानं सूप वाढलं. बेबीताई बाऊल घेऊन टेबलाशी बसल्या. पहिल्याच घोटाला डोळ्यांत पाणी आलं. ते न पुसता त्यांनी दुसरा घोट घेतला.

प्रफुल्ल समोरची खुर्ची ओढून बसला. खाली मान घालून त्यानं आपला बाऊल त्यांच्या बाऊलशेजारी ठेवला.

बेबीताईंनी तो हातानं परत सरकवला.

"इथे नको," त्या म्हणाल्या. "तुझी-माझी भांडी वेगळी."