एकवीस दिवसांतला प्रवास

ईश्वरप्पा दुबईहून परतल्याला बारा दिवस झाले होते आणि बाराही दिवस गावाला दुसरा विषय नव्हता. गाव देवणी तालुक्यातलं, दीडशे उंबऱ्यांचं. दिवेलागणीला महादेवाच्या देवळापुढच्या ओट्यावर माणसं जमायची. आप्पा पिशवीतला खजूर एकेकाच्या तळहातावर ठेवायचे आणि सुरू व्हायचे. दुबईत रस्त्यावर थुंकलं की दंड. दुबईतल्या इमारती एवढ्या उंच की वर बघताना डोईची टोपी पडते. एका शेखाच्या बागेत माकड होतं, त्यानं आप्पांशी हात मिळवला. माकडाची गोष्ट तर लोकांनी तीनदा सांगायला लावली होती.

खरं काय ते आधीच सांगितलेलं बरं. आप्पा दुबईला गेलेच नव्हते. मुलगा बसवराज तिकडं वायरमन होता, त्यानं तिकीट पाठवलं. गावानं हलगी लावून आप्पांना वाटेला लावलं. शमशाबादच्या विमानतळावर काउंटरवरच्या पोरीनं पासपोर्ट चाळला आणि गोड आवाजात सांगितलं, की याची मुदत चारच महिने उरलीय, सहा लागतात, तुम्हाला जाता येणार नाही. आता हलगी लावून निघालेला माणूस दुसऱ्या दिवशी गावात कोणत्या तोंडानं येणार? आप्पा नांदेडला लेकीकडं, शिल्पाकडं गेले. पंधरा दिवस घराबाहेर पडले नाहीत. बसवराजला रोज फोन लावून दुबईची बारीकसारीक माहिती काढली आणि येताना नांदेडच्या बाजारातून तीन किलो खजूर घेतला. लेकाला आणि लेकीला शपथ घातली. बायको कावेरीबाई, तिला तर काहीच कळू द्यायचं नव्हतं. गाव हसलं असतं ते एक वेळ चाललं असतं, पण तिच्यापुढं आपलं हसं झालं तर मग उरलं काय, असं त्यांना वाटायचं.

तेराव्या दिवशी सकाळी आप्पांना सणकून ताप भरला. कमरेवर पाणीदार फोड उठले होते आणि जांघेत अवधाणाची गाठ आली होती. शेजारच्या सटवाजीनं कण्हणं ऐकलं. सटवाजीची जीप होती, आणि गावातली कुठलीही बातमी त्या जीपच्याही आधी पोचवायचा त्याला सोस होता. त्यानं उपकेंद्रात फोन लावला आणि अर्ध्या तासात बुद्धप्रिया म्याडम स्कूटीवरून हजर झाल्या.

म्याडम उपकेंद्राच्या आरोग्य अधिकारी. वय अठ्ठावीस, आवाज मऊ, पण फॉर्म हातात घेतला की त्यांच्यापुढं सरपंचाचंही चालायचं नाही. त्यांनी हातमोजे चढवले, मास्क लावला, आप्पांना पालथं झोपवून फोड नीट बघितले आणि विचारलं, "आप्पा, गेल्या एकवीस दिवसांत परदेशातून आलात का?"

आप्पांनी दाराकडं बघितलं. दारात सटवाजी होता. सटवाजीच्या मागं चारपाच टोप्या आणि तेवढेच पदर.

"हाव," आप्पा म्हणाले. "बारा दिस झाले."

"तिथं कुणाला असे फोड, ताप होता? एखाद्या जनावराला हात लावला?"

"म्याडम, माकडाशी हात मिळवलाय त्यांनी!" सटवाजी दारातून ओरडला. "समद्या गावाला ठाव हाय."

म्याडमचा पेन थांबला. "मला ज्याचा संशय येतोय तो आजार हल्ली माणसाकडूनच माणसाला जास्त होतो, माकडाला उगीच नाव ठेवू नका," त्या म्हणाल्या, पण लिहून मात्र घेतलं. "आणि आप्पा, कमरेला तुम्ही काही लावलं होतं का? तेल, पाला, काहीही?"

लावलं होतं. पाच दिवसांपूर्वी आप्पांची कमर धरली. विमानातल्या खुर्चीनं धरली, असं त्यांनी सांगून टाकलं. कावेरीबाईनं बिब्बा सुईवर टोचून दिव्यावर धरला आणि निथळत्या तेलाचे ठिपके कमरेवर दिले. तिच्या आईनं दिले, आजीनं दिले, तसेच. पण गेल्या साली असाच बिब्बा उतून आप्पांचा घोटा भाकरीएवढा सुजला होता, आणि याच म्याडमनी भर ओसरीत दोघांना झापलं होतं. पुन्हा बिब्बा लावलात तर माझ्याकडं येऊ नका, म्हणाल्या होत्या.

आप्पांनी कावेरीबाईकडं बघितलं. कावेरीबाई परातीतल्या पिठाकडं बघत होती.

"न्हाई," दोघं एकदमच म्हणाले.

"मग ऐका," म्याडम म्हणाल्या. "अंगावर फोड आहेत, त्यांचं दुसरं कारण सापडत नाही. ताप आहे, अवधाण आहे. आणि साथ असलेल्या मुलखातून एकवीस दिवसांच्या आत आलात. असा माणूस एमपॉक्सचा, म्हणजे पूर्वीच्या मंकीपॉक्सचा, संशयित धरायचा, असा नियम आहे. संशयित म्हणजे आजार झालाच असं नाही. फोडातलं पाणी तपासायला जाईल, तिथून होय आलं तरच होय. तोवर लातूरला वेगळ्या खोलीत राहायचं. मी गाडी बोलावते."

खरं सांगायची ही वेळ होती. पण आप्पा मनात म्हणाले, दोन दिवस लातूर. तपासणीत काही निघणार नाही. लातूरहून परत येईन तेव्हा दुबई शाबूत असेल. माणसाची अब्रू वाचत असेल तर दोन दिवस खोलीत बसायला काय हरकत आहे? वर जेवण सरकारी.

पण म्याडमनी फॉर्मचं पान उलटलं. "आता गेल्या पाचसहा दिवसांत जवळ कोण कोण आलं, हातातून कुणी काय घेतलं, ती नावं सांगा."

दारातली गर्दी दोन पावलं मागं सरली. मग एकेकाला खजूर आठवू लागला. अण्णारावांनी दोन खाल्ले होते. पुजाऱ्यांनी देवापुढं ठेवून मग खाल्ला होता, तर तो धरायचा का, यावर वाद झाला. सटवाजीनं रोज चार खाल्ले होते, पण तो म्हणाला, "मी बिया काढून खाल्ले, माझं नाव कशाला?" म्याडमनी त्याचं नाव सगळ्यात आधी लिहिलं. या सगळ्यांत एकटी कावेरीबाई शांत होती. मास्क लावा म्हटलं तर तिनं तो हनुवटीवर घेतला आणि भाकरी थापत राहिली.

यादीत सदतिसावं नाव करिश्माचं आलं. पलीकडच्या आळीतल्या व्यंकटीची ही पोरगी. दोन वर्षं रोज पहाटे देवणीच्या रस्त्यावर धावत होती. उद्या सकाळी लातूरला पोलीस भरतीची मैदानी परीक्षा होती, आणि आज सटवाजीच्या जीपनं ती निघणार होती.

"तुला ताप नाही, काही नाही. तू जाऊ शकतेस," म्याडमनी तिला सांगितलं. "फक्त रोज ताप बघायचा आणि मला कळवायचं."

"माझ्या जिपीत न्हाई बसू द्यायचो बाबा," सटवाजी म्हणाला. "बाकीचे शिटं उतरून जातील."

"तुझ्या जिपीत तूच बसायला नको मग!" म्याडम कडाडल्या. "तूही यादीत आहेस."

तेवढ्यात करिश्माचा फोन वाजला. लातूरची मावशी होती, तिच्याकडंच करिश्मा रात्री उतरणार होती. बातमी लातूरपर्यंत गेली होती. करिश्मा हूं हूं करत राहिली, मग फोन खाली घेऊन म्हणाली, "मावशी म्हणते, एकवीस दिस इकडं फिरकू नगंस." ती रडली नाही. खिडकीशी आली आणि म्हणाली, "आप्पा, तुमी बरे व्हा. भरती काय, पुढच्या वर्षी बी निघंल." पुढच्या वर्षी ती वयाच्या अटीत बसणार नव्हती, हे आप्पांना ठाऊक होतं. तिनं स्वतःच ओट्यावर सांगितलं होतं.

आप्पांना एकदम स्वतःची लाज वाटली. काउंटरवर वाटली होती त्याहून कितीतरी जास्त. ते कोपरावर उठून बसले.

"म्याडम, खोडा ते. म्या दुबईला गेलोच न्हाई."

"तापात बरळून राहिले," सटवाजी हळहळला.

"बरळत न्हाई, भाड्या! नांदेडला होतो, शिल्पाकडं. इमानात बसूच दिलं न्हाई मला. खजूर नांदेडचा हाय. माकड बी खोटं. पेटीत पासपोर्ट हाय, काढून बघा!"

कोणीच विश्वास ठेवेना. आपण खोटारडे आहोत हे गावाला पटवून द्यायची वेळ आप्पांवर आली. शेवटी पेटी उघडली गेली. म्याडमनी पासपोर्टचं एकेक पान उलटलं, उजेडाकडं धरलं. एकही शिक्का नव्हता. त्यांनी शिल्पाला फोन लावला, स्पीकरवर. आप्पा खरंच तिकडं होते का, विचारलं. मग शिल्पा म्हणाली, "आप्पांनी शपथ घातलीय हो."

एवढं पुरे होतं. म्याडमनी प्रवासाच्या रकान्यावर आडवी रेघ मारली. "प्रवास नाही, आजाऱ्याशी संबंध नाही," त्या पुटपुटल्या. "पण मग हे फोड आले कशानं?"

परातीतला हात थांबला. "बिब्बा हाय तो," कावेरीबाई म्हणाली. "म्या लावला. त्यांनी खरं सांगितलं, तर म्या बी सांगते."

म्याडमनी पुन्हा फोड बघितले. ठिपके दिले त्याच ओळीत फोड, तेल ओघळलं त्या वाटेनं लाली. तोंडावर नाही, तळहातावर नाही. त्या पाच मिनिटं दोघांना बोलत होत्या आणि त्यातला प्रत्येक शब्द दोघांनी मुकाट ऐकला. मग त्यांनी डॉक्टरांना फोन लावला. डॉक्टर गाडीतून आले, बघून गेले, मलम आणि गोळ्या दिल्या, दोन दिवसांत ताप उतरला नाही तर पुन्हा दाखवा म्हणाले. लातूरची गाडी रद्द झाली. सदतीस नावांची यादी म्याडमनी स्वतः फाडली आणि करिश्माच्या मावशीशी स्वतः बोलल्या.

दुपारी सटवाजीनं जीपचं पुढचं सीट फडक्यानं पुसलं आणि करिश्माला बसवलं. निघताना ती खिडकीतून ओरडली, "आप्पा, खजूर गोड होता बरं का, कुठला का असंना!" गाव खदाखदा हसलं. आप्पांनी तोंड भिंतीकडं केलं.

ते तसेच पडून राहिले. ऊन उतरलं, माणसं आपापल्या घरी गेली. कावेरीबाई मलमाची ट्यूब घेऊन शेजारी बसली.

"तुला राग न्हाई आला?" भिंतीकडं तोंड ठेवूनच त्यांनी विचारलं.

"कशाचा? शिल्पानं मला त्याच दिशी फोन केलता. बाप रडून राहिला म्हणून लेक घाबरली होती."

आप्पांनी मान वळवली. "मंजी तुला समदं ठाव होतं? मग मी रोज रातच्याला जेवताना ते शेखाचं, माकडाचं सांगायचो, तवा बोलली का न्हाईस?"

कावेरीबाईनं बोटावर मलम घेतलं. "बत्तीस वर्सं झाली लग्नाला," ती म्हणाली. "पेरलं का, काढलं का, वाढ जेवाय, एवढंच बोलायचाव. ह्या बारा दिसांत तुमी माझ्यासंगं जेवढं बोललाव तेवढं बत्तीस वर्सांत न्हाई बोललाव. खोटं तर खोटं. मला बरं वाटायचं. बोलले असते तर बंद पडलं असतं."

आप्पांच्या डोळ्यांत पाणी आलं. आपण हिच्यापासून लपत होतो आणि ही आपल्यासाठी कान देऊन बसत होती, हे त्यांना सोसेना.

तिनं हळूच एका फोडाभोवती मलम फिरवलं. "इमानात न्हाई बसलाव, खरं. पर जवळून बघितलाव का न्हाई?"

"बघितलं की. काचंतून. पाच तास बसलो होतो तिथंच."

"मग ते सांगा," कावेरीबाई म्हणाली आणि मांडी नीट घालून बसली.