वॉल्टर वर झोपलेला असताना

माझा मुलगा ग्रॅहॅम ज्या एकमेव तबकडीवर ड्रम वाजवून गेला, तिचा आता जगभर अभ्यास होतो, असे मला सांगण्यात येते. पंक संगीताचा गदारोळ ओसरल्यावर शेफील्डच्या चार पोरांनी काढलेली ती पहिली आणि शेवटची तबकडी. बर्लिनची, ओसाकाची मुले अजूनही आमच्या खिडकीचे फोटो काढतात. मी पडदा सरकवीत नाही. तबकडी निघाली त्याच हिवाळ्यात ग्रॅहॅम गेला. त्यानंतर मी ती ऐकलेली नाही.

मंगळवारी दुपारी रॉय स्टॅनिफोर्थ आला. तेव्हा तो ग्रॅहॅमबरोबर बेस गिटार वाजवी. आता काठी टेकीत चालतो. सोबत जुन्या तबकड्यांचा ध्वनी सुधारणारा एक तरुण होता, इव्हान.

"मिसेस हाउस्ली, तबकडीची नवी आवृत्ती निघतेय. ग्रॅहॅमच्या वतीने तुमचा होकार हवा."

"आधी पाय पूस. साठी उलटली, तरी गालिच्यावर चिखल!"

"ड्रमचा आवाज फार दबलेला आहे, आजी," इव्हान म्हणाला.

"मी तुझी आजी नव्हे."

"माफ करा, मॅडम. त्या वेळी यंत्रं साधी असणार. मी तो दोष काढलाय. ऐका तर."

त्याने ते लावले. ड्रम खोलीभर खणखणला. मला काहीच वाटले नाही. वाटण्याची ती जागा केव्हाच बधिर झाली आहे. फक्त माझी नजर छताकडे गेली आणि बोट आपसूक ओठांवर आले.

रॉयने कप खाली ठेवला. "बंद कर ते."

"का? काय बिघडलं?"

"ग्रॅहॅमचे वडील, वॉल्टर, पोलादाच्या कारखान्यात रात्रपाळीला होते," मी म्हणाले. "दिवसा वर झोपायचे. पोरं इथं वाजवायची, म्हणून ड्रममध्ये मी ब्लँकेट कोंबलं. रात्रपाळीच्या माणसाची झोप या गल्लीत कुणी मोडत नसे."

"स्टुडिओतही त्याने तेच ब्लँकेट आणलं," रॉय म्हणाला. "काढ म्हटलं, तर म्हणाला, माझे हात आता दुसरं वाजवतच नाहीत."

"पण मिस्टर हाउस्ली तर आता..."

"कबरीत आहेत. मीच पुरलं त्यांना."

"मग अडचण काय?"

"ड्रम मोकळा केलास, तर वॉल्टर जागा होईल. माझा होकार नाही."

इव्हानने रॉयकडे पाहिले. रॉय कोटाची बटणे लावीत होता.

"होती तशीच काढायची," तो म्हणाला. "या घरात यांचाच शब्द शेवटचा. तेव्हाही होता."

जाताना रॉयने कडीचा आवाज होऊ नये म्हणून दाराची मूठ फिरवून धरली आणि दार हलकेच ओढून घेतले.